गुण विद्यापीठाचे, वेळ विद्यार्थ्याचा

पुनर्मूल्यांकनाचा निकाल लागत नाही म्हणून विद्यार्थी उच्च न्यायालयाची पायरी चढतो, तेव्हा त्याच्या याचिकेत वाढीव गुणांची मागणी क्वचितच असते. उत्तरपत्रिकेची छायाप्रत मिळाली, शुल्क भरलं, अर्ज केला, महिने गेले, पुढच्या सत्राची परीक्षा तोंडावर आली. आता निकाल कधी लावणार तेवढं विद्यापीठाने सांगावं, इतकंच त्याचं म्हणणं असतं. तो तारीख मागतो. आणि नेमकी तीच द्यायला विद्यापीठ तयार नसतं. न्यायालयही जपून बोलतं, कारण परीक्षा हा शैक्षणिक विषय आहे आणि शैक्षणिक विषयात न्यायाधीशांनी पडू नये, ही धारणा आपल्याकडे खोल रुजली आहे. धारणा चुकीची नाही, पण तिची व्याप्ती आपण भलतीकडे वाढवली आहे. एखाद्या उत्तराला चार गुण द्यावेत की सात, हे प्राध्यापकानेच ठरवायचं. ते चार की सात हे विद्यार्थ्याला किती दिवसांत कळवायचं, यात कसलं विषयज्ञान लागतं? तो कारभाराचा प्रश्न आहे, आणि सार्वजनिक संस्थेच्या कारभारात हलगर्जी झाली तर तिला हुकूम देणं हे न्यायालयाचं रोजचं काम आहे.

मुंबई विद्यापीठाचं २०१७ सालचं प्रकरण अनेकांना आठवत असेल. परीक्षा सुरू झाल्यानंतर विद्यापीठाने ठरवलं की यंदा सगळ्या उत्तरपत्रिका स्कॅन करून संगणकाच्या पडद्यावर तपासायच्या. सुमारे १७ लाख उत्तरपत्रिका होत्या. प्राध्यापकांना सराव नव्हता, यंत्रणेची चाचणी पुरेशी झालेली नव्हती, स्कॅनिंगमध्ये घोळ झाले, पानं इकडची तिकडे गेली. कुलपती या नात्याने राज्यपाल सी. विद्यासागर राव यांनी ३१ जुलैपर्यंत निकाल लावा असं बजावलं. प्राध्यापक तपासणीला मोकळे व्हावेत म्हणून महाविद्यालयांतल्या तासिका चार दिवस थांबवल्या गेल्या, दुसऱ्या विद्यापीठांतल्या प्राध्यापकांना मदतीला बोलावलं. तरी मुदत हुकली. वाणिज्य आणि विधी शाखांचे निकाल रेंगाळत राहिले, सप्टेंबर उजाडला. परदेशात प्रवेश मिळालेल्यांच्या हातात गुणपत्रिका नव्हती. विधीचे विद्यार्थी उच्च न्यायालयात गेले. ऑक्टोबरमध्ये कुलगुरू डॉ. संजय देशमुख यांना पदावरून हटवण्यात आलं.

लोकांच्या आठवणीत प्रकरण इथे संपतं. विद्यार्थ्यांसाठी ते इथून पुढे वाढलं. निकाल लागले आणि परीक्षेला बसलेल्या मुलांना आपण ‘गैरहजर’ असल्याचं कळलं. वर्षानुवर्षं पहिल्या वर्गात येणारी मुलं एका विषयात नापास दिसू लागली. छायाप्रतींसाठी, पुनर्मूल्यांकनासाठी अर्जांचा ढीग लागला आणि ज्या यंत्रणेला पहिली तपासणी झेपली नव्हती तिच्याच गळ्यात दुसरी पडली. पुनर्मूल्यांकनाचे निकाल लागेपर्यंत हिवाळी परीक्षांचे अर्ज भरायची वेळ आली होती. कुलगुरू गेले, ही मोठी कारवाई होती यात शंका नाही. पण ज्या मुलीचं वर्ष अडकलं होतं, तिच्या हातात त्या कारवाईतून काय पडलं? जबाबदारी वरच्या दिशेला, कुलपतींपर्यंत पोचली. खाली, अर्जदारापर्यंत, ती आली नाही.

कायद्याची रचनाच तशी आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ च्या कलम ८९ प्रमाणे परीक्षा संपल्यापासून ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करायचा आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांच्या आत तो लावायचा. नाही लावता आला तर? विद्यापीठाने कारणांचा सविस्तर अहवाल शासनामार्फत कुलपतींना पाठवायचा. म्हणजे उशीर झाला तर विद्यापीठ कुलपतींना उत्तर देतं. विद्यार्थ्याला द्यायचं उत्तर त्या कलमात नाही. शिवाय त्या कलमाचा सगळा रोख मूळ निकालावर आहे. पुनर्मूल्यांकन किती दिवसांत करायचं हे विद्यापीठं आपापल्या नियमांतून, परिपत्रकांतून ठरवतात, आणि परिपत्रकातली मुदत मोडणं किती सोपं असतं हे कोणत्याही परीक्षा विभागात काम केलेल्या माणसाला ठाऊक आहे.

न्यायालयं मागे का सरतात, याचा उगम योगायोगाने महाराष्ट्रातच आहे. पुण्याच्या माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाच्या नियमांत गुणपडताळणीची सोय होती. उत्तरपत्रिका पाहण्याची किंवा ती पुन्हा तपासून घेण्याची नव्हती. विद्यार्थी आणि पालक मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि जिंकले. मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १९८४ मध्ये परितोष भूपेशकुमार सेठ प्रकरणात निकाल उलटला. नियमात नसेल तर पुनर्मूल्यांकन हक्क म्हणून मागता येणार नाही आणि शिक्षणतज्ज्ञांच्या मताच्या जागी न्यायालयाने आपलं मत बसवू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं. तेव्हापासून परीक्षेच्या प्रत्येक खटल्यात विद्यापीठाचा वकील हा निवाडा पुढे ठेवतो. २०१७ च्या डिसेंबरात रणविजय सिंह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्याच न्या. मदन लोकूर यांनी तोच धागा अधिक घट्ट केला: न्यायालयाने स्वतः उत्तरं तपासायला बसू नये, आणि शंका उरलीच तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्या संस्थेला द्यावा.

मला हे दोन्ही निवाडे मूलतः पटतात. न्यायमूर्तींनी उत्तरपत्रिका हातात घेऊन गुण द्यायला सुरुवात केली तर परीक्षा नावाची गोष्ट उरणार नाही. पण हे निवाडे कशावर उभे आहेत ते पाहिलं पाहिजे, कारण विद्यापीठं त्यांच्या निष्कर्षाचा आधार घेतात आणि त्यामागचं कारण सोडून देतात. १९८४ च्या निवाड्यात न्यायालयाची मोठी चिंता काळाची होती. हजारो विद्यार्थ्यांना उत्तरपत्रिका पाहण्याचा, पुन्हा तपासून घेण्याचा हक्क दिला तर निकालांना अंतिमपणा राहणार नाही, अनिश्चितता लांबत जाईल, गुणवत्ता यादी आणि पुढचे प्रवेश टांगणीला लागतील, म्हणून वेळेवर आणि पक्का लागणारा निकाल यात सार्वजनिक हित आहे, असं ते तर्कशास्त्र होतं. रणविजय सिंह प्रकरणातही तीच वेदना दिसते. उत्तर प्रदेशातल्या शिक्षकभरतीची जाहिरात २००९ ची, आणि उत्तरं बरोबर की चूक हा वाद २०१७ पर्यंत चालला. एवढ्या वर्षांत हजारो उमेदवारांचं काय झालं असेल, या विचाराने न्यायालय अस्वस्थ झालं होतं.

आता हेच कारण उशीर करणाऱ्या विद्यापीठाला लावून पाहा. पुनर्मूल्यांकनाची सोय नियमात आहे, त्यासाठी शुल्क घेतलं आहे, आणि निकाल मात्र अनिश्चित काळ लोंबकळत ठेवला आहे. अनिश्चितता लांबवतंय कोण? विद्यार्थी नव्हे. ज्या सार्वजनिक हिताच्या नावाने १९८४ मध्ये विद्यार्थ्याला दार बंद झालं, त्याच हिताच्या नावाने आज विद्यापीठाला मुदत घालून द्यायला हवी. परितोष सेठचा निवाडा उशिराच्या बचावासाठी वापरणं म्हणजे त्या निवाड्याच्या आत्म्याविरुद्ध जाणं आहे. उच्च न्यायालयाला अनुच्छेद २२६ खाली कर्तव्य करण्याचा आदेश देता येतो, आणि स्वतःच्याच नियमातली मुदत पाळणं याहून सरळ कर्तव्य दुसरं कोणतं असेल?

इथे माहितीच्या अधिकाराचा दाखला आठवतो. केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळ विरुद्ध आदित्य बंदोपाध्याय या प्रकरणात २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की तपासलेली उत्तरपत्रिका ही ‘माहिती’ आहे आणि विद्यार्थ्याला ती पाहता येते. म्हणजे आज विद्यार्थी माहिती अधिकाराखाली अर्ज करू शकतो, ३० दिवसांत त्याला प्रत मिळायला हवी, आणि विनाकारण उशीर केला तर माहिती अधिकाऱ्याला दिवसाला २५० रुपये, जास्तीत जास्त २५ हजारांपर्यंत दंड होऊ शकतो. उत्तरपत्रिकेची झेरॉक्स देण्याला कायद्याची मुदत आहे आणि वैयक्तिक दंडही आहे. त्याच उत्तरपत्रिकेतलं तपासायचं राहून गेलेलं पान मोजून गुण दुरुस्त करण्याला असं काहीच नाही. चूक डोळ्यांनी बघायला मिळते आणि ती तशीच राहते, ही अवस्था मुलांना किती जाळत असेल याची कल्पना परीक्षा विभागाच्या काचेमागे बसणाऱ्यांनी करून पाहावी.

उशिराची किंमत सगळ्यांना सारखी पडत नाही, आणि मला या प्रश्नात सर्वांत जास्त टोचतं ते हे. बऱ्याच अभ्यासक्रमांत पहिल्या वर्षाचा विषय सुटल्याशिवाय तिसऱ्या वर्षात जाता येत नाही. एक विषय तीन गुणांनी राहिला आहे, पुनर्मूल्यांकनाचा अर्ज पडून आहे. मुलगी काय करते? ती केटीचा, म्हणजे राहिलेल्या विषयाच्या फेरपरीक्षेचा, अर्ज भरते, परीक्षा शुल्क भरते आणि ज्या विषयात ती कदाचित पास आहे त्याचा पुन्हा अभ्यास करते. चालू सत्राच्या विषयांना तेवढा वेळ कमी पडतो, मग तिथे गुण घसरतात. पुढे केव्हातरी निकाल येतो की ती पासच होती. तिने भरलेलं शुल्क, दिलेली परीक्षा, घसरलेले गुण, यांची भरपाई कोणत्याही नियमात नाही. तिची शिष्यवृत्ती महाडीबीटी या शासनाच्या संकेतस्थळावर नूतनीकरणासाठी अडलेली असेल तर गुणपत्रिकेशिवाय अर्ज पुढे सरकत नाही, आणि वसतिगृहाचा खर्च थांबत नाही. विधीचा शेवटच्या वर्षाचा विद्यार्थी सनदेसाठी बार कौन्सिलकडे जाऊ शकत नाही. कंपनीने दिलेल्या नेमणूकपत्रात पदवीची अट असते आणि तारीख असते. खात्यापित्या घरचा मुलगा सहा महिने थांबू शकतो. ज्याच्या घरी त्याच्या पहिल्या पगाराची वाट पाहिली जाते त्याला ते परवडत नाही, म्हणून तो शिकणं सोडून मिळेल ते काम धरतो, आणि पुनर्मूल्यांकनाचा निकाल लागतो तेव्हा तो घ्यायला तो नसतो.

मग न्यायालयात जातं कोण? विधीची मुलं जातात, कारण त्यांना वाट माहीत असते आणि ओळखीचे वकील असतात. ज्यांच्या परदेशी प्रवेशाची तारीख उलटायला आली आहे असे सुखवस्तू घरचे जातात. सावंतवाडीच्या महाविद्यालयातली मुलगी जात नाही. सिंधुदुर्ग आणि रत्नागिरीतली महाविद्यालयं मुंबई विद्यापीठाला जोडलेली आहेत. तिला मुंबईत कलिन्याच्या परीक्षा भवनात चौकशीला जायचं तरी रात्रभराचा प्रवास, आणि वर्षानुवर्षं उच्च न्यायालयही तितकंच दूर होतं. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आणि सिंधुदुर्ग, रत्नागिरीसह सहा जिल्ह्यांतल्या लोकांना दाद मागण्याची जागा थोडी जवळ आली, ही दिलाशाची गोष्ट आहे. पण जवळ म्हटलं तरी वकिलाची फी आहे, शपथपत्रं आहेत, तारखा आहेत. मे महिन्याची आणि दिवाळीची न्यायालयाची सुटी आहे. तीन गुणांसाठी एवढं करायचं बळ एकोणीस-वीस वर्षांच्या मुलांत आणि त्यांच्या आईवडिलांत कुठून यावं?

आणि जे जातात त्यांच्या बाबतीत जे घडतं त्यानेही मन अस्वस्थ होतं. याचिका दाखल होते, विद्यापीठाच्या वकिलाला नोटीस जाते, आणि परीक्षा विभागात धावपळ सुरू होते. याचिकाकर्त्याची उत्तरपत्रिका गोदामातून शोधून काढली जाते, परीक्षक बोलावला जातो, पुढच्या तारखेच्या आत निकाल लागतो. वकील उभे राहून सांगतात की निकाल जाहीर झाला आहे, आता याचिकेत काही उरलेलं नाही. याचिका निकाली निघते. त्या एका मुलासाठी हे चांगलंच झालं, त्याच्या धडपडीला मी नावं ठेवणार नाही. पण त्याची उत्तरपत्रिका वर आली तेव्हा त्याच ढिगातल्या इतरांच्या खाली गेल्या. जे काम आठवड्यात होऊ शकत होतं ते महिने झालं नव्हतं, हे त्या धावपळीने सिद्ध केलं. तरी न्यायालयाच्या आदेशात त्याचा उल्लेख राहत नाही, कारण आदेश एका माणसापुरता असतो. पुढच्या सत्रात दुसरा विद्यार्थी, दुसरी याचिका, तीच धावपळ. विद्यापीठाच्या दृष्टीने हे सोयीचं आहे: ज्यांना आवाज आहे त्यांचं काम करून टाकायचं, बाकीच्यांनी थांबायचं.

विद्यापीठाची बाजू मला समजते आणि ती खोटी नाही. पूर्णवेळ प्राध्यापकांच्या जागा रिकाम्या आहेत, तासिका तत्त्वावरच्या शिक्षकांवर अध्यापनाचा डोलारा उभा आहे. पुनर्मूल्यांकनाला मूळ परीक्षकापेक्षा वेगळा परीक्षक लागतो, आणि काही विषयांना असे परीक्षक हाताच्या बोटांवर मोजण्याइतके आहेत. त्यांना स्वतःचे तास आहेत, पुढच्या परीक्षेचं काम आहे, आणि तपासणीचं मानधन इतकं तुटपुंजं की त्यासाठी कोणी धावत येईल असं नाही. घाई केली तर दुसरी तपासणीही पहिल्यासारखीच होईल, हा आक्षेपही खरा आहे. २०१७ मध्ये मुदतीच्या दडपणाखाली काय झालं ते आपण पाहिलं. पण या सगळ्याचा अर्थ एवढाच होतो की विद्यापीठाला माणसं आणि पैसा हवा आहे. तो त्यांनी शासनाकडे मागावा, जोरात मागावा, आम्ही त्यांच्या बाजूने उभे राहू. तो मिळेपर्यंत तुटीचा भार मुलांनी उचलावा, हे मात्र त्यातून निघत नाही. विद्यापीठाकडे कमी माणसं आहेत याची किंमत वर्ष अडकलेल्या मुलाने का मोजायची?

मग उशीर झाला तर काय व्हावं? ‘मुदत संपली, विद्यार्थी उत्तीर्ण’ असा उपाय काही जण सुचवतात. तो मला मान्य नाही. वैद्यक, विधी, अभियांत्रिकीच्या पदवीवर लोक आपला जीव आणि पैसा सोपवतात, आणि तपासणीविना मिळालेला ‘पास’ हा अखेर विद्यार्थ्याच्याच पदवीची किंमत घालवतो. दुसरा उपाय निकाल लागेपर्यंत पुढच्या वर्गात हंगामी प्रवेश देण्याचा, पण त्याबद्दलही सर्वोच्च न्यायालयाने सावध केलं आहे. १९९३ च्या गुरु नानक देव विद्यापीठाच्या प्रकरणात, अंतरिम आदेशाने विद्यार्थ्यांना पुढे ढकलायचं आणि मग झालेली गोष्ट बदलता येत नाही म्हणून तीच कायम करायची, या प्रथेवर न्यायालयाने नाराजी व्यक्त केली होती. तो इशारा योग्य आहे. पण तो पात्रता सिद्ध न झालेल्यांना न्यायालयाने सवलत देण्याबद्दल होता. मी म्हणतो ती व्यवस्था विद्यापीठाने आपल्याच नियमात आधी लिहून ठेवायची आहे: पुनर्मूल्यांकनाची मुदत उलटली, तर निकाल लागेपर्यंत विद्यार्थी पुढच्या वर्गात हंगामी बसेल; दुसऱ्या तपासणीतही तो नापास ठरला तर त्याची त्या वर्गातली उपस्थिती आणि अंतर्गत गुण जपले जातील, पण विषय सोडवल्याशिवाय तो पुढे जाणार नाही. आणि त्याच विषयाच्या केटी परीक्षेचं शुल्क मुदत उलटल्यावर घ्यायचं नाही. घेतलं असेल आणि तो पास निघाला तर ते अर्जाची वाट न पाहता परत करायचं. यातून उत्तीर्णतेचा दर्जा तसूभर खाली येत नाही. फक्त उशिराचा भार उशीर करणाऱ्याकडे सरकतो, आणि तो सरकला की परीक्षक शोधण्याची तळमळ आपोआप वाढेल, असा माझा विश्वास आहे.

न्यायालयाआधीची एक पायरी आता कागदावर आहे, पण तिलाही भगदाड आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाने एप्रिल २०२३ मध्ये विद्यार्थी तक्रार निवारणाचे विनियम काढले. प्रत्येक विद्यापीठात तक्रार निवारण समिती, तिच्यावर लोकपाल. समितीने १५ कामकाजी दिवसांत अहवाल द्यायचा, लोकपालाने ३० दिवसांत तक्रार मिटवण्याचा प्रयत्न करायचा. शैक्षणिक वेळापत्रकापेक्षा परीक्षा किंवा निकाल लांबणं ही तक्रार मानली गेली आहे. मात्र त्याच विनियमांत असंही म्हटलं आहे की पुनर्मूल्यांकनासाठीचा अर्ज लोकपालाने ऐकायचा नाही, निकालावर ठोस परिणाम करणारी विशिष्ट अनियमितता किंवा भेदभाव दाखवला तरच ऐकायचा. यामागची भावना तीच, १९८४ ची: गुण कोणी बाहेरच्याने ठरवू नयेत. पण मंजूर झालेलं पुनर्मूल्यांकन लांबलं तर? ते ‘निकाल लांबणं’ मानायचं की ‘पुनर्मूल्यांकनाचा अर्ज’? ज्या अधिकाऱ्याला तक्रार टाळायची आहे तो दुसरा अर्थ काढेल आणि विद्यार्थी पुन्हा उच्च न्यायालयाच्या दारात येईल. आयोगाने एका ओळीची दुरुस्ती करून पुनर्मूल्यांकनाचा उशीर ही तक्रारच आहे असं लिहिलं तर कितीतरी याचिका दाखलच होणार नाहीत. विद्यापीठांनीही पुनर्मूल्यांकनाची तारीख शैक्षणिक वेळापत्रकात परीक्षेच्या तारखेइतक्याच ठळकपणे छापावी. आज ती तिथे नसते, म्हणून ती मोडली असं म्हणायलाही जागा राहत नाही.

न्यायालयांकडून माझी अपेक्षा फार मोठी नाही. गुणांना त्यांनी हात लावू नये. पण ‘निकाल लागला, याचिकेत काही उरलं नाही’ असं विद्यापीठाचे वकील सांगतात, त्या क्षणी खंडपीठाने प्रकरण बंद करू नये. त्या परीक्षेतले पुनर्मूल्यांकनाचे किती अर्ज अजून पडून आहेत, सर्वांत जुना अर्ज कोणत्या तारखेचा आहे आणि ते सगळे कोणत्या तारखेपर्यंत निकाली निघतील, याचं शपथपत्र परीक्षा मंडळाच्या संचालकांकडून मागावं आणि दिलेली तारीख याचिका न करणाऱ्यांनाही लागू राहील असं आदेशात लिहावं. याचिकाकर्त्याचा खर्चही विद्यापीठाने द्यावा, कारण न्यायालयात येण्याची वेळ त्याच्यावर विद्यापीठाने आणली. सावंतवाडीच्या मुलीचा अर्ज त्या शपथपत्रातल्या आकड्यात मोजला जाईल, आणि वकील न करताही तिला एक तारीख मिळेल.